भाऊ खडकीला सॅपरमध्ये चाललाय, पोहता अजिबात येत नाही. तलावावर काय होतं?

माणदेशी_सुरेखा:
नमस्कार मंडळी. माझा धाकटा भाऊ अग्निवीर म्हणून बॉम्बे सॅपर्समध्ये, म्हणजे लष्कराच्या बॉम्बे इंजिनिअर्समध्ये, भरती झालाय. वीस दिवसांनी खडकीला हजर व्हायचंय. धावण्यात गावात पहिला, पुलअप्स मारतो, कशाची चिंता नाही. चिंता एकच. सॅपर म्हणजे पूल आणि नदी, तिथं पोहावं लागतं म्हणे, आणि ह्याने आयुष्यात गुडघ्याच्या वर पाणी बघितलेलं नाही. आमचा तालुका माण. सध्या गावात टँकर चालू आहे, विहिरीत पोहायला तर सोडाच, घागर बुडवायलाही पाणी नाही.

गावातल्या एका माजी सैनिकाने त्याला सांगितलं की उंच फळीवरून ढकलून देतात, मग येतंच पोहायला. तेव्हापासून तो गप्प आहे. आईने म्हसोबाला नारळ बोललाय. मला विचारायचं ते एवढंच, वीस दिवसांत काही करता येईल का? दहिवडीला किंवा साताऱ्याला कुठे शिकवणी लावू का? आणि नाही जमलं तर घरी पाठवतात का?

बागायतदार_७७:
ताई, काही शिकवणी वगैरे लावू नका. आमच्याकडे पाठवा, विहिरीला अजून दोन परस पाणी आहे. पाठीला डबा बांधायचा, कमरेला कासरा, आणि द्यायचा ढकलून. तिसऱ्या दिवशी डबा काढायचा. आम्ही सगळे असेच शिकलो.

जुना सॅपर:
सुरेखाताई, बागायतदारांचं ऐकू नका. राग मानू नका बागायतदार, मीही असाच शिकलोय, पण म्हणूनच सांगतोय.

माझं गाव वाळव्याजवळ, कृष्णाकाठ. पांगाऱ्याचा बिंडा पाठीला बांधून सहाव्या वर्षी पाण्यात पडलो. दहाव्या वर्षी पावसाळ्यात पैलतीर गाठायचो. खडकीला गेलो तेव्हा पहिल्या दिवशी उस्तादांनी विचारलं, पोहता कुणाकुणाला येतं? मी सगळ्यात आधी हात वर केला. उडी मारली, अर्धा तलाव पार केला, वर बघतो तर उस्ताद हसतायत. म्हणाले, "बेटा, तू तैरता नहीं, भैंस को घर ले जा रहा है." मान वर, डोळे काठावरच्या पोरांकडे, हात पाण्यावर थापटतोय, आणि ५० मीटरच्या सरळ रेषेत मी शेजारच्या दोन रांगांत जाऊन आलो. रांग अडीच मीटर रुंद असते, म्हणजे हिशेब करा.

आमच्या कंपनीत बुलढाण्याचा एक पोरगा होता. पाण्याला इतका घाबरायचा की उथळ टोकाच्या शिडीचा दांडा सोडायचा नाही. तीन महिन्यांनी कंपनी-कंपनीत स्पर्धा झाली, त्यात ५० मीटरला तो माझ्यापुढे. आणि थोडाथोडका नाही, मी भिंतीला हात लावला तेव्हा तो टॉवेल घेऊन उभा होता. कारण साधं आहे. त्याला विसरायचं असं काहीच नव्हतं. मला मान खाली घालायला शिकायला चार महिने लागले. मान वर काढली की कंबर आणि पाय बुडतात, मग माणूस पुढे जायच्या ऐवजी पाण्याला ढकलत बसतो. मान खाली घातली, तळाची काळी रेघ बघितली, की अंग आपोआप आडवं होतं. ती रेघ नुसती सजावट नाही ताई, घोड्याच्या झापडीसारखं तिचं काम आहे. भिंतीच्या दोन मीटर आधी ती आडवी फुटते, इंग्रजी टी सारखी. तिथं कळतं, आता भिंत आली.

म्हणून तुमच्या भावाला पोहता येत नाही हे वाईट नाही. वीस दिवसांत विहिरीत अर्धवट शिकून गेला तर ते जास्त वाईट. आणि एकट्याने उन्हाळ्यात विहिरीत उतरणं तर बिलकुल नको. दर मे महिन्यात पेपरात काय बातम्या येतात ते सगळ्यांनी वाचलेलंच असतं.

ढकलून देतात म्हणून त्या सद्गृहस्थांनी जे सांगितलं, ते त्यांच्या काळात असेल. मी पुढे पीटीचा उस्ताद झालो, चार वर्षं तलावावरच होतो, त्यातली दोन वर्षं उडीसाठी दहा मीटर उंच फलाट असलेल्या तलावावर. मी कुणाला ढकललं नाही. ढकललेला माणूस हवेत मागे वळायला बघतो, हात पसरतो आणि छातीवर पडतो. वरून खाली यायला दीड सेकंदही लागत नाही, पण पाण्याला लागताना वेग ताशी ५० किलोमीटरच्या आसपास असतो. सपाट पडलं तर पाणी फरशीसारखं लागतं. स्वतःच्या पायाने एक पाऊल पुढे टाकणारा सरळ जातो. आम्ही एवढंच शिकवायचो: समोरच्या झाडाचा शेंडा बघ, खाली बघू नको, पाय जुळव, नाक धर, पाऊल टाक. खाली बघितलं की डोकं पुढे जातं आणि डोक्यामागून धड. सगळा खेळ नजरेचा आहे.

पण ह्यात एक गंमत आहे, ती कुणी सांगत नाही. तलाव एकच असतो आणि त्यात दोन वेगळी कामं शिकवतात. सकाळी स्पर्धेची पोरं येतात. चड्डी, टोपी, गॉगल, मान खाली, घड्याळ लावलेलं. त्याच पाण्यात दुपारी रंगरूट उतरतात, अंगात डांगरी, म्हणजे कामाचा जाड पोशाख. ओली डांगरी अंगाला चिकटली की हात उचलवत नाही, फ्रीस्टाइल विसरा. तिथं मान वरच पाहिजे, कारण पुढे बोट आहे की खांब आहे, कुणी हाक मारतंय का, हे बघायचं असतं. विजार काढून दोन्ही पायांना गाठी मारायच्या, डोक्यावरून झटक्यात आपटून हवा भरायची, की ती गळ्यात घालून तरंगता येतं. हे जमायला दहा-बारा वेळा पाणी प्यावं लागतं. त्याला टायमिंग नाही, मेडल नाही, टाळ्या तर नाहीतच.

मी स्पर्धेतही पोहलो, पदकं दोन-तीन आहेत कपाटात. पण माझी म्हशीची चाल खरी उपयोगी पडली ती पुढे, पुलाच्या कामावर, प्रवाहात दोर पलीकडे न्यायचा होता तेव्हा. त्या दिवशी बुलढाणेकर काठावर उभा राहून दोर सोडत होता. आम्ही अजून फोनवर त्यावरून भांडतो.

घरी पाठवतात का, तर नाही. पोहता न येणाऱ्यांची वेगळी तुकडी करतात आणि संध्याकाळची खेळायची वेळ जाते. बस.

क्लोरीनवाला:
मी नगरपालिकेच्या तरणतलावावर पाणी सांभाळतो. लष्कराचं नाही, पण पाणी शेवटी पाणीच. दोन गोष्टी सांगतो. उतरायच्या आधी अंघोळ सगळ्यांना सक्तीची असते, ती टाळू नये. डोळे चुरचुरतात आणि तो वास येतो तो नुसत्या क्लोरीनचा नसतो, घाम आणि लघवी क्लोरीनशी मिसळून जे तयार होतं त्याचा असतो. म्हणजे वास जास्त तर पाणी जास्त स्वच्छ, हा समज उलटा आहे. पीएच ७.२ ते ७.८ मध्ये असला की डोळ्यांना त्रास कमी. दुसरी गोष्ट, कानात तेल घालून पाठवू नका. आया हमखास घालतात.

माणदेशी_सुरेखा:
तेलाचं आईला वाचून दाखवलं. ती म्हणाली, ह्या माणसाला कसं कळलं.

जुना सॅपर काका, तुमचं लिहिलेलं भावाला दोनदा वाचून दाखवलं. दुसऱ्यांदा तो हसला. पण त्याचा एक प्रश्न आहे, त्याचं वय एकोणीस, आता शिकून काय होणार? नदीकाठची पोरं असतील बरोबर, ती पुढे जातील.

जुना सॅपर:
त्याला दत्तू भोकनळ माहीत आहे का विचारा. चांदवड तालुक्यातलं तळेगाव रोही, म्हणजे तुमच्यासारखंच कोरडं. वडिलांबरोबर विहिरी खोदायच्या कामावर जायचा. २०१२ साली आमच्याच बॉम्बे इंजिनिअर्समध्ये भरती झाला, आणि तो पाण्याला भ्यायचा. नंतर नौकानयनाला घातला, २०१६ ला रिओ ऑलिंपिकला एकट्याच्या नावेत तेरावा आला, २०१८ च्या एशियाडला चौघांच्या नावेत सुवर्ण. ज्याने दुसऱ्यांच्या विहिरी खोदल्या त्याने विहिरीत पोहून घेतलं नव्हतं, एवढंच सांगतो.

इस्लामपूरकर:
काका, आमच्या पेठचे मुरलीकांत पेटकर राहिले की! फौजी माणूस, पोहण्यात ऑलिंपिकचं सुवर्ण!

पुण्याची_मासोळी:
ऑलिंपिक नाही, पॅरालिंपिक. १९७२, हायडेलबर्ग, ५० मीटर फ्रीस्टाइल, ३७.३३ सेकंद, त्या वेळचा विश्वविक्रम. ईएमईचे, म्हणजे लष्कराच्या यंत्रदुरुस्ती विभागाचे जवान, आधी बॉक्सिंग करायचे. १९६५ च्या युद्धात गोळ्या लागल्या आणि कमरेखाली अपंगत्व आलं. पोहणं उपचार म्हणून सुरू झालं. पद्मश्री मिळायला २०१८ उजाडलं, म्हणजे सेहेचाळीस वर्षं. हा आकडा मला त्या सेकंदांपेक्षा जास्त लक्षात राहतो.

जुना सॅपर:
मासोळीताई, बरं झालं आठवण दिलीत, कारण मी रंगरूटांना त्यांचंच उदाहरण द्यायचो. नवा पोरगा पाण्यात पडला की पाय झाडतो. इतके झाडतो की वीस मीटरवर धाप लागते, आणि म्हणतो उस्ताद, दम नाही. अरे, दम आहे, तू तो पायांतून सांडतोयस. पेटकरांना पाय वापरायला मिळालेच नाहीत, फक्त हातांवर ५० मीटर ३७ सेकंदांत. तुम्हाला दोन्ही पाय असून सव्वा मिनिट लागतं, मग चुकतंय कुठे? फ्रीस्टाइलमध्ये पुढे नेतात ते हात. पाय अंग आडवं ठेवायला.

बागायतदार_७७:
सॅपर काका, मान्य. पण मग वीस दिवस पोराने नुसतं बसून राहायचं का?

जुना सॅपर:
नाही. एक बादली लागेल. माणमध्ये आहात म्हणून एकच सांगतो, आणि पाणी नंतर झाडाला घाला.

बादली स्टुलावर ठेवायची. तोंडाने श्वास घ्यायचा, चेहरा कपाळापर्यंत पाण्यात घालायचा, डोळे उघडे, आणि नाकातोंडातून हळूहळू बुडबुडे सोडायचे. सगळी हवा गेली की मान वर उचलायची नाही, बाजूला वळवायची, कान पाण्यातच राहिला पाहिजे. श्वास, परत आत. सुरुवातीला पाच वेळा जमेल, मग नाकात पाणी जाईल आणि चिडेल. चिडू द्या. सलग तीस झाले की समजायचं, अर्धं पोहणं घरून घेऊन गेला. नव्या पोराला बुडायची भीती नसते हो, त्याला भीती असते ती चेहऱ्यावर पाणी येण्याची. आणि तो श्वास सोडतच नाही, धरून ठेवतो, मग आत नवी हवा जाणार कुठून?

पण एक अट. श्वास धरून ठेवायची शर्यत भावंडांनी लावायची नाही, बादलीतही नाही आणि पुढे तलावात तर कधीच नाही. जोरजोरात श्वास घेऊन खाली बुडी मारणारी चांगली पोहणारी पोरं बेशुद्ध होतात, वरच्या माणसाला वाटतं अजून पोहतोय. म्हणून तलावावर जोडी नेमलेली असते. जोडीदाराकडे बघत राहायचं, तो मोबाईल मागायला गेला तरी.

२०१९ च्या ऑगस्टमध्ये मी निवृत्त होऊन घरी होतो. सांगलीत आयर्विन पुलापाशी पाणी ५७ फुटांच्या वर गेलं, धोक्याची पातळी ४५. आमच्या आळीतली माणसं माळ्यावर बसलेली. लष्कराच्या बोटी आल्या. चप्पू धरलेला पोरगा विशीचा असेल, लाइफ जॅकेटच्या बाहेर गळा दिसत होता, उन्हाने सोललेला. मी सवयीने ओरडलो, गुडघा टेक, मग वळव! त्याने माझ्याकडे बघितलं, गुडघा टेकला आणि म्हणाला, "जी उस्ताद." त्याला कुणी सांगितलं नव्हतं मी कोण ते.

माणदेशी_सुरेखा:
(नऊ दिवसांनी) काका, काल सलग एकतीस झाले. पहिले चार दिवस कपाळ बुडवायलाच तयार नव्हता, आता आम्हाला मोजायला बसवतो. शेजारची दोन पोरंही येऊन बादलीत तोंड घालतात, अंगणात रांग लागलेली असते. आईने त्या बादलीला लाल चिंधी बांधलीय, म्हणते ह्यातलं पाणी कुणी चुकूनसुद्धा चहाला घेऊ नका. कढीपत्त्याला मात्र भरपूर पालवी आलीय.

त्याने विचारलंय, गॉगल घरून न्यायचा की तिथे मिळतो?

जुना सॅपर:
घरून काही नको. पहिले काही दिवस गॉगलशिवायच उतरू दे, डोळे उघडे ठेवायची सवय मोडायला नको. आणि त्याला सांगा, पहिल्या दिवशी उस्तादांनी विचारलं पोहता कुणाला येतं, तर हात खाली ठेव.