मदत हवी आहे: लोकलमधून पडलेल्या भावाची नोंद ‘रूळ ओलांडताना जखमी’ अशी झाली आहे

नमस्कार. माझा धाकटा भाऊ सात महिन्यांपूर्वी सकाळच्या गर्दीत धावत्या लोकलच्या दारातून खाली पडला आणि त्याचा डावा पाय गुडघ्याखाली कापावा लागला. नोकरी गेली, वय अवघे एकतीस. रेल्वे दावा न्यायाधिकरणाच्या मुंबई पीठाकडे भरपाईचा अर्ज करायचा आहे. तो आजवर केला नाही, कारण जो तो ठामपणे काही ना काही सांगत गेला आणि आम्ही ते खरे मानले.

‘दारात लटकला, म्हणजे चूक त्याचीच, रेल्वे कशाला पैसे देईल?’ हे तर आमचे वडीलच म्हणत होते. मात्र रेल्वे कायदा, १९८९ मधील कलम १२४-अ नुसार प्रवासी गाडीतून चुकून पडला, तर रेल्वेचा दोष सिद्ध करावा लागत नाही. आत्महत्या वा तिचा प्रयत्न, स्वतःहून करून घेतलेली इजा, स्वतःचे गुन्हेगारी कृत्य, नशा किंवा वेडाच्या भरात केलेले कृत्य आणि नैसर्गिक आजार एवढेच अपवाद आहेत. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली रीना देवी प्रकरणात स्पष्ट केले की, निव्वळ निष्काळजीपणा म्हणजे स्वतःहून करून घेतलेली इजा नव्हे. हे मी वडिलांना वाचून दाखवले, तेव्हा ते बराच वेळ काही बोलले नाहीत.

चालू पास सापडला नाही म्हणून दावा संपला, हाही असाच एक समज. त्याच निकालानुसार तिकीट नसल्याने दावा आपोआप फेटाळला जात नाही. अर्जदाराने प्रतिज्ञापत्रावर वस्तुस्थिती मांडली की पुढचा भार रेल्वेवर जातो. आठ लाख सरसकट मिळतात, हे मात्र खरे नाही. ती रक्कम मृत्यूसाठी आणि काही अत्यंत गंभीर इजांसाठी आहे; बाकी इजांची रक्कम रेल्वेच्या भरपाई नियमांच्या परिशिष्टात इजेच्या स्वरूपानुसार ठरवून दिली आहे. (रुग्णालयाबाहेर भेटलेल्या एका एजंटाने आठ लाखांचे आमिष दाखवून तिसरा हिस्सा मागितला होता. कृपया अशा एजंटांच्या कोऱ्या कागदांवर कोणीही सही करू नये.)

आमची खरी अडचण पुढे आहे. स्टेशन मास्तरांच्या मेमोत निळ्या शाईने एकच ओळ आहे: ‘रूळ ओलांडताना जखमी.’ रूळ ओलांडणाऱ्याला हे कलम लागू होत नाही, त्यामुळे सगळा दावा या तीन शब्दांवर अडला आहे. भाऊ शुद्धीवर नसताना ही नोंद झाली. त्याचा जबाब लोहमार्ग पोलिसांनी नंतरही घेतलेला नाही. आमच्याकडे त्याचा आदल्या महिन्याचा संपलेला पास आहे. रोज सोबत जाणाऱ्या ग्रुपमधल्या दोघांनी त्याला पडताना पाहिले असून ‘आपला माणूस पडला, साखळी ओढा’ हा त्याच मिनिटाचा व्हॉट्सॲप संदेश अजून फोनमध्ये आहे.

जाणकारांनी कृपया सांगावे: लोहमार्ग पोलिसांकडे आता पुरवणी जबाब नोंदवण्यासाठी अर्ज करावा, की या दोघांची प्रतिज्ञापत्रे थेट न्यायाधिकरणात जोडावीत? खिडकीवरून पास काढल्याची नोंद माहिती अधिकारात कोणी मिळवली आहे का? अर्जाची मुदत अपघातापासून एक वर्ष आहे. उशीर माफ होऊ शकतो हे वाचले आहे, पण आमच्या हातात पाच महिने आहेत आणि ते आम्हाला घालवायचे नाहीत.