लिबएसएसएल.एसओ.१.१ सापडत नाही: फाइल डोळ्यांसमोर, तरी प्रोग्राम म्हणतो नाहीच

काटेवाला_मकरपुरा:
नमस्कार मंडळी. बडोद्याला मकरपुरा जीआयडीसीतल्या एका युनिटमध्ये वजनकाट्यावरून लेबलं छापणारा प्रोग्राम आहे, /ऑप्ट/काटा मध्ये. मशीन उबुंटू २०.०४ वरून २२.०४ वर नेलं आणि प्रोग्राम उघडायचाच बंद झाला. संदेश असा: «एरर व्हाइल लोडिंग शेअर्ड लायब्ररीज: लिबएसएसएल.एसओ.१.१: कॅनॉट ओपन शेअर्ड ऑब्जेक्ट फाइल: नो सच फाइल ऑर डिरेक्टरी».

सिस्टमवर लिबएसएसएल.एसओ.३ (ओपनएसएसएल या एन्क्रिप्शनच्या लायब्ररीची नवी फाइल) होती, म्हणून तिलाच १.१ या नावाची लिंक दिली. आता संदेश बदलला: «व्हर्जन ओपनएसएसएल_१_१_१ नॉट फाउंड». मग विक्रेत्याने लायब्रऱ्यांचा फोल्डर पाठवला. तो सगळा /यूएसआर/लोकल/लिब मध्ये कॉपी केला आणि लिंक काढून टाकली, तर पुन्हा पहिलाच संदेश. फाइल तिथे आहे, एलएस केलं की दिसते. चुकतंय कुठे?

(कमांड आणि पाथ इथे देवनागरीत लिहितोय, टाइप करताना रोमन.)

सोनेम:
लिंक काढलीत ते बरं केलंत. एकाच लायब्ररीला (अनेक प्रोग्राम मिळून वापरतात ती तयार कोडची फाइल) तीन नावं असतात, घोळ तिथून सुरू होतो. खरी फाइल असते लिबअमुक.एसओ.१.२.३. तिच्या पोटात लिहिलेलं नाव लिबअमुक.एसओ.१, त्याला सोनेम म्हणतात. प्रोग्राम चालताना हेच शोधलं जातं. तिसरं, आकडा नसलेलं लिबअमुक.एसओ, फक्त कंपाइल करताना लागतं आणि डेव्ह पॅकेजमधून येतं. सोनेममधला आकडा बदलला म्हणजे लायब्ररी बनवणाऱ्यानेच सांगितलं की जुन्या प्रोग्रामशी आता जमणार नाही. म्हणून ३ ला १.१ ची पाटी लावून भागत नाही. ओपनएसएसएलमध्ये प्रत्येक फंक्शनवरही आवृत्तीचा शिक्का असतो, त्यामुळे लोडरने (प्रोग्राम सुरू होताना लायब्रऱ्या शोधून जोडणारा भाग) लगेच पकडलं. शिक्के नसलेल्या लायब्ररीत अशी लिंक चालल्यासारखी वाटते आणि मध्येच कधीतरी सेगमेंटेशन फॉल्ट येऊन प्रोग्राम कोसळतो. ते जास्त वाईट.

काय कमी आहे ते एकदम बघायचं तर:
एलडीडी ./काटा | ग्रेप नॉट

अनोळखी ठिकाणाहून आलेल्या फाइलवर मात्र एलडीडी नको, कारण काही वेळा ती फाइल चालवूनच उत्तर काढलं जातं. तिथे रीडएल्फ -डी वापरा (ते फाइल न चालवता नुसती वाचतं) आणि «नीडेड» ओळी, म्हणजे लागणाऱ्या लायब्रऱ्यांची यादी, वाचा.

मांडवीजवळचा:
फाइल दिसते पण सापडत नाही, याचं कारण कॅटलॉग. लोडर प्रत्येक वेळी सगळे फोल्डर चाळत नाही, /ईटीसी/एलडी.एसओ.कॅश या तयार यादीत बघतो. आपल्या सेंट्रल लायब्ररीसाठी सयाजीरावांनी १९१० साली अमेरिकेहून ग्रंथपाल बोर्डन यांना बोलावलं, ते काही नुसती कपाटं भरायला नव्हे. पुस्तक कपाटात ठेवलं पण कार्डच केलं नाही, तर काउंटरवर «नाही» हेच ऐकायला मिळणार. कार्ड करायची कमांड:
सुडो एलडीकॉन्फिग
आणि खात्रीसाठी:
एलडीकॉन्फिग -पी | ग्रेप लिबएसएसएल

उबुंटूत /यूएसआर/लोकल/लिब आधीच शोधयादीत असतो. वेगळा फोल्डर असेल तर /ईटीसी/एलडी.एसओ.कॉन्फ.डी मध्ये .कॉन्फ शेवट असलेली फाइल करून तिच्यात एका ओळीत पाथ लिहा, मग एलडीकॉन्फिग. तरी «परमिशन डिनाइड» आलं तर कॉपी करताना फाइल फक्त रूटलाच वाचता येईल अशी पडली आहे. सीएचमॉड ६४४ करा.

काटेवाला_मकरपुरा:
एलडीकॉन्फिग केलं, काटा सुरू झाला! पण आता त्याच मशीनवरचा दुसरा प्रोग्राम बंद पडला: «जीएलआयबीसीएक्सएक्स_३.४.३० नॉट फाउंड», आणि पाथ दाखवतो /यूएसआर/लोकल/लिब/लिबएसटीडीसी++.एसओ.६.

सोनेम:
अहो, अख्खा फोल्डर ओतलात, त्याचा हा परिणाम. विक्रेत्याने स्वतःची जुनी लिबएसटीडीसी++ त्यात दिली आहे. तिचं सोनेम सिस्टमच्या फाइलसारखंच, आणि उबुंटूत /यूएसआर/लोकल/लिब चा नंबर आधी लागतो. आता सगळे प्रोग्राम जुनी उचलणार. तिथे कॉपी केलेल्या फाइली काढा (फक्त तुम्ही टाकलेल्याच, यादी ताडून), पुन्हा एलडीकॉन्फिग. लिबएसएसएल.एसओ.१.१ आणि लिबक्रिप्टो.एसओ.१.१ या दोनच फाइली /ऑप्ट/काटा/लिब मध्ये ठेवा. पहिलीला दुसरी लागतेच. सिस्टमची लिबएसटीडीसी++ जुन्या प्रोग्रामलाही चालते, उलट चालत नाही.

मग फक्त या प्रोग्रामला रस्ता दाखवा:
एलडी_लायब्ररी_पाथ=/ऑप्ट/काटा/लिब ./काटा

हे .बॅशआरसी मध्ये (टर्मिनल उघडताना वाचली जाणारी फाइल) कायमचं लिहू नका, नाहीतर आजचाच गोंधळ टर्मिनलमधून उघडलेल्या प्रत्येक प्रोग्रामला होईल. शिवाय सुडोच्या पलीकडे हे व्हेरिएबल पोचत नाही. लोडर सुरक्षेसाठी ते गाळतो.

मांडवीजवळचा:
मशीन सुरू होताना काटा सिस्टमडीतून (बूटला सर्व्हिसेस सुरू करणारी व्यवस्था) उघडत असेल, तर तिथे .बॅशआरसी वाचलीच जात नाही. «टर्मिनलमधून चालतं, बूटला नाही» ही तक्रार बहुतेक यातूनच येते. सिस्टमसीटीएल एडिट करून सर्व्हिस विभागात एन्व्हायर्नमेंट=एलडी_लायब्ररी_पाथ=/ऑप्ट/काटा/लिब अशी ओळ घाला आणि सर्व्हिस रीस्टार्ट करा.

माझं मत विचाराल तर पॅचएल्फ जास्त स्वच्छ, ते लायब्ररी शोधायचा पाथ प्रोग्रामच्या फाइलमध्येच लिहितं. $ओरिजिन म्हणजे प्रोग्राम ज्या फोल्डरमध्ये आहे तो. मूळ फाइलची प्रत ठेवून:
पॅचएल्फ --सेट-आरपाथ '$ओरिजिन/लिब' काटा
अवतरणचिन्हं एकेरीच हवीत. दुहेरी दिलीत तर शेल $ओरिजिन ला व्हेरिएबल समजून रिकामं करतो.

सोनेम:
एक पुरवणी. नाव आरपाथ असलं तरी पॅचएल्फ असं दिलं की रनपाथ हा नव्या प्रकारचा पाथ लिहिला जातो, आणि तो फक्त काट्याच्या थेट गरजांना लागू होतो. लिबक्रिप्टो ही काट्याच्या नीडेड यादीत नसून केवळ लिबएसएसएलला लागत असेल तर ती सापडणार नाही. तेव्हा --फोर्स-आरपाथ जोडा, म्हणजे जुन्या प्रकारचा आरपाथ लिहिला जाईल आणि तो लायब्रऱ्यांच्या गरजांनाही लागू होतो. कुठे शोधतोय ते ओळीओळीने बघायला एलडी_डीबग=लिब्स ./काटा.

काटेवाला_मकरपुरा:
पॅचएल्फने जमलं, दुसरा प्रोग्रामही चालू आहे. फक्त छपाईची छोटी फाइल «नो सच फाइल ऑर डिरेक्टरी» म्हणते. लायब्ररीचं नावच घेत नाही, आणि फाइल तर तिथे आहे.

मांडवीजवळचा:
फाइल कमांड लावून बघा, ३२-बिट निघेल. जो सापडत नाही तो तिचा लोडर, /लिब/एलडी-लिनक्स.एसओ.२. डीपीकेजी --अ‍ॅड-आर्किटेक्चर आय३८६, मग एपीटी अपडेट, मग एपीटी इन्स्टॉल लिबसी६:आय३८६, सगळं सुडोने. त्यानंतर एलडीडी लावलंत की बाकी काय कमी आहे ते नावानिशी दिसेल. ती पॅकेजंही :आय३८६ लावूनच घ्या.

आणि ओपनएसएसएल १.१.१ ची मोफत देखभाल ११ सप्टेंबर २०२३ ला संपली आहे. काट्याचं मशीन कारखान्याच्या आतल्या नेटवर्कवरच ठेवा आणि विक्रेत्याकडे ३ वर बांधलेली आवृत्ती मागा.