शब्दचर्चा : ‘मोटेट’ला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न

नमस्कार मंडळी. युरोपातल्या चर्चसंगीतावरच्या एका माहितीपटाचं मराठी निवेदन लिहायला घेतलं आहे. त्यात ‘मोटेट’ हा शब्द पावलोपावली येतो. पहिल्या खर्ड्यात मी सगळीकडे ‘भक्तिगीत’ लिहिलं. तपासणाऱ्यांनी ते खोडून ‘स्तोत्र’ केलं. पण एके ठिकाणी निवेदक सांगतो की, तेराव्या शतकातल्या एका मोटेटमध्ये वरचा आवाज प्रेयसीबद्दल गातोय आणि तेव्हाच खालचा आवाज चर्चमधली धून गातोय. आता प्रेयसीचं ‘स्तोत्र’ कसं लिहू? पुढे बाख या जर्मन संगीतकाराने एकाच्या अंत्यविधीसाठी मोटेट लिहिल्याचा उल्लेख आहे. हा एकच शब्द आहे ना? त्याचा मूळ अर्थ काय, आणि मराठीत काय वापरावं?

उत्तर

शब्द एकच आहे, आणि तुम्हाला पडलेला पेच खरा आहे. मी पुण्यात एका क्वायरमध्ये, म्हणजे अनेक आवाजांत गाणाऱ्या गायकवृंदात, बारा वर्षं आल्टो (बायकांचा खालचा आवाज) गाते आहे, त्यामुळे हा शब्द रोजच्या वापरातला. जरा सविस्तर लिहिते.

आधी फोड. फ्रेंचमध्ये ‘मो’ म्हणजे शब्द. त्याला लहानपण दाखवणारा प्रत्यय लागून ‘मोते’ झालं, लॅटिनमध्ये ‘मोतेतुस’. घराचं आपण घरकुल करतो तसं शब्दाचं ‘शब्दुलं’. गाण्याच्या प्रकाराला ‘शब्दुलं’ हे नाव का पडलं असेल? गाणं म्हटलं की शब्द असायचेच, मग नावात ते मुद्दाम का सांगावं? याचं कारण या प्रकाराच्या जन्मातच आहे.

इसवी सन १२०० च्या आसपास पॅरिसच्या नोत्र-दाम कॅथीड्रलमध्ये एक गायनपद्धत भरात आली होती. चर्चच्या परंपरागत धुनेतला एकेक स्वर एक गायक लांबवून धरायचा. त्याला ‘टेनर’ म्हणत, कारण लॅटिनमध्ये ‘तेनेरे’ म्हणजे धरून ठेवणं. त्या धरलेल्या स्वरांवर दुसरा आवाज झरझर फिरायचा, पण शब्द न घेता, एकाच अक्षरावर. आपल्याकडे आकारात तान चालते तसा. पुढे कुणीतरी या आकाराच्या स्वरांवर अक्षरं बसवली, एका स्वराला साधारण एक अक्षर. ज्या आवाजाला असे शब्द मिळाले तो ‘मोतेतुस’. म्हणजे हे आधी एका आवाजाचं नाव होतं, नंतर ते अख्ख्या रचनेला लागलं. त्याच्याही वर तिसरा आवाज आला, त्याला ‘ट्रिप्लम’ म्हणत. आज आपण स्पीकरचा ‘ट्रेबल’ कमी-जास्त करतो, तो शब्द याच ट्रिप्लमपासून आलेला आहे.

चालीवर शब्द बसवणं आपल्याला नवं नाही. १९१६ च्या ‘स्वयंवर’ नाटकासाठी भास्करबुवा बखल्यांनी बंदिशींच्या चाली दिल्या आणि खाडिलकरांनी त्यांवर पदं लिहिली. फरक एवढाच की आपल्याकडे पद आलं की मूळ चीज बाजूला होते, रंगमंचावर ऐकू येतं ते पदच. मोटेटात मूळ धून जागची हलत नाही. ती खाली चालूच राहते आणि नवे शब्द तिच्या खांद्यावर उभे राहतात. एका गायकाने मूळ चीज गावी आणि त्याच वेळी दुसऱ्याने तिच्यावर बेतलेलं पद गावं, अशी कल्पना करा. तेराव्या शतकातलं मोटेट ते हेच.

तुमच्या प्रेयसीचं कोडं इथे सुटतं. ईस्टरच्या उपासनेतल्या एका धुनेचा ‘इन सेक्युलुम’ एवढाच तुकडा घेऊन त्यावर कितीतरी मोटेटं रचली गेली. खाली तो लॅटिन तुकडा, आणि वरच्या आवाजात काही वेळा मरियेची स्तुती, तर काही वेळा चक्क फ्रेंच भाषेतलं विरहगीत. दोन आवाज, दोन भाषा, दोन विषय, सगळं एकाच वेळी. फ्रान्समधल्या माँपेलियेच्या हस्तलिखितात त्या काळातल्या अशा तीनशेहून अधिक रचना आहेत. चर्चच्या वरिष्ठांना हे रुचलं नाही. १३२४-२५ मध्ये पोप बाविसावे जॉन यांनी काढलेल्या फर्मानात अशी तक्रार आहे की, गायक धुनेचे तुकडे करतात आणि वरच्या आवाजांत लोकभाषेतली मोटेटं कोंबतात. तेव्हा या काळापुरतं ‘स्तोत्र’ चुकीचं, आणि ‘भक्तिगीत’ही चुकीचंच.

पुढच्या दोनेकशे वर्षांत अर्थ सरकत गेला. माझ्या मते या शब्दाची सगळ्यात प्रामाणिक व्याख्या योहानेस टिंक्टोरिसची. नेपल्सच्या दरबारात असलेल्या या पंडिताने १४७० च्या दशकात संगीताच्या संज्ञांचा कोश रचला. तो म्हणतो की मोटेट म्हणजे मध्यम आकाराची रचना. शब्द कोणत्याही विषयाचे चालतील, पण बहुतेकदा ते धार्मिक असतात. मोठी रचना म्हणजे मिस्सा (चर्चच्या मुख्य उपासनाविधीचं संगीत), छोटी म्हणजे फ्रेंच गीत, आणि या दोन्हींच्या मधली ती मोटेट. ‘बहुतेकदा’ हा त्याचा शब्द मला फार आवडतो. त्याने ओढूनताणून एकच अर्थ केला नाही.

सोळाव्या शतकात मात्र अर्थ बराचसा स्थिरावला. मिस्साचे ठरलेले पाच भाग सोडून इतर लॅटिन धार्मिक शब्दांवर बांधलेली, अनेक आवाजांची क्वायररचना म्हणजे मोटेट. पालेस्त्रिना, व्हिक्टोरिया या त्या काळातल्या संगीतकारांची मोटेटं या अर्थाने. इंग्लंडात थॉमस टॅलिसने साधारण १५७० मध्ये चाळीस आवाजांचं मोटेट लिहिलं, पाच-पाच आवाजांचे आठ गट. त्यातला प्रत्येक गायक आपली वेगळी ओळ गातो.

त्यानंतर परत फाटे फुटले. फ्रान्समध्ये चौदाव्या लुईच्या दरबारात वाद्यवृंद, एकल गायक आणि क्वायर असा थाटमाट असलेलं ‘ग्राँ मोते’ आलं. जर्मनीत लॅटिन सुटून जर्मन शब्द आले. बाखची म्हणून परंपरेने सहा मोटेटं मानली जातात, बाखच्या रचनांच्या सूचीत (बीडब्ल्यूव्ही) क्रमांक २२५ ते २३०. त्यांतलं एक १७२९ मध्ये लाइपझिगच्या शाळेचे मुख्याध्यापक वारले तेव्हाचं आहे. तुमच्या माहितीपटात बहुधा त्याचाच उल्लेख असावा. १७८९ मध्ये मोत्सार्ट लाइपझिगला गेला, तेव्हा त्याने बाखचं दोन क्वायरचं मोटेट ऐकलं आणि भारावून जाऊन त्याच्या प्रती मागून घेतल्या. आणि याच मोत्सार्टने १७७३ मध्ये, वयाच्या सतराव्या वर्षाच्या उंबरठ्यावर, मिलानमध्ये एका उंच आवाजाच्या गायकासाठी जी एकल रचना केली, तिलाही मोटेटच म्हणतात. तिथे क्वायर नाहीच.

आता ‘स्तोत्र’ का नको ते सांगते. मराठी बायबलमध्ये ‘स्तोत्रसंहिता’ आहे, त्यामुळे ख्रिस्ती वाचकाला ‘स्तोत्र’ म्हटलं की त्यातले शब्दच आठवतात. मोटेट हे मजकुराचं नाव नाही, बांधणीचं आहे. विलापगीताच्या पहिल्या अध्यायातलं बारावं वचन घ्या. ‘वाटेने जाणाऱ्यांनो, थांबा, पाहा, माझ्या दुःखासारखं दुसरं दुःख आहे का’, असा त्याचा आशय. लॅटिनमध्ये ‘ओ वोस ओम्नेस’. यावर व्हिक्टोरियाचं १५७२ चं मोटेट आहे, जेझुआल्दोचं आहे, आणि चेलोवादक पाब्लो कासाल्स यांचं १९३२ चंही आहे. शब्द तेच, मोटेटं तीन.

‘भक्तिगीत’ म्हटल्यावर मराठी कानाला एक चाल, एक गायक आणि मागे टाळ-तबला ऐकू येतो. शिवाय उपासनेला जमलेले सगळे मिळून म्हणतात ते ‘हिम’, म्हणजे मराठी चर्चमधल्या ‘उपासना संगीत’ या गीतपुस्तकातली गीतं. मोटेट हे जमलेली मंडळी म्हणत नाहीत. ते शिकलेला क्वायर गातो, मंडळी ऐकतात.

एक उदाहरण देते. मोत्सार्टचं ‘आवे वेरुम कॉर्पुस’ आम्ही दरवर्षी गातो. १७९१ च्या जून महिन्यात, मृत्यूच्या सहा महिने आधी लिहिलेलं. फक्त ४६ बार (स्वरलिपीतले तालाचे खंड), जेमतेम तीन-चार मिनिटं. बराच वेळ चारही आवाज हातात हात घालून एकत्र चालतात, अक्षराला अक्षर जुळवून. मग ‘एस्तो नोबिस’ या शब्दांशी सोप्रानो आणि आल्टो हे बायकांचे आवाज पुढे निघतात, टेनर-बास हे पुरुषांचे आवाज मुद्दाम थोडे मागे राहून तेच शब्द घेत येतात. नव्या मुली इथे हमखास चुकतात, कारण कान मागच्या आवाजाकडे ओढला जातो. मी त्यांना सांगते की शेजारणीचा हात धर, पण कान स्वतःच्या ओळीवर ठेव. शेवटी ‘इन मोर्तिस’, म्हणजे मरणाच्या घडीला, या शब्दांवर चाल ताणली जाते आणि सगळे पुन्हा एकत्र येतात. शब्दांतून उगवलेली रचना म्हणजे काय ते त्या ओळीवर कळतं. याला ‘भक्तिगीत’ म्हटलं तर त्यातले चार आवाज पुसले जातात, याचं मला वाईट वाटतं.

उत्तर (गोव्यातून)

ताईंनी सगळं नीट मांडलंय, पण आमच्याकडचा अर्थ राहिला. गोव्यात हा शब्द परका नाही. इंग्रजीतून नव्हे, पोर्तुगीजमधून आला, म्हणून आमचा ‘त’ दंत्य. आम्ही म्हणतो ‘मोतेत’.

आमच्या तोंडी मोतेत म्हटलं की कोरेज्म, म्हणजे ईस्टरच्या आधीचे चाळीस दिवस. ख्रिस्ताच्या यातनांचे प्रसंग दाखवतात, त्यावर शेरमांव, म्हणजे प्रवचन, होतो, आणि मग क्वायर मोतेत गातो. शब्द लॅटिन किंवा कोंकणी. साथीला व्हायोलिन, क्लॅरिनेट, डबल बास. रचना बहुतेक गावातल्याच जुन्या संगीतशिक्षकांच्या. चर्चच्या शाळांतून मुलांना सोल्फा (स्वरनामांनी गायची पद्धत) आणि व्हायोलिन शिकवायची रीत होती, त्यातून हे लोक तयार झाले. स्वरलिपीच्या वह्या घराघरांत पडून असायच्या. माझ्या आजोबांची एक वही माझ्याकडे आहे, पानांच्या कडा वाळवीने खाल्लेल्या, पण दुसऱ्या व्हायोलिनची ओळ अजून स्पष्ट वाचता येते.

ताईंनी ‘ओ वोस ओम्नेस’चं नाव घेतलं आणि अंगावर काटा आला. गुड फ्रायडेच्या मिरवणुकीत व्हेरोनिका (ख्रिस्ताचा चेहरा पुसणारी बाई) झालेली मुलगी उंचावर चढते, ख्रिस्ताचा चेहरा उमटलेलं कापड हळूहळू उलगडते आणि हेच शब्द एकटीने गाते. खाली पूर्ण वाडा गप्प उभा. लहानपणी मला लॅटिन कळत नव्हतं, पण ती आपल्यालाच थांबायला सांगतेय एवढं कळायचं.

तेव्हा गोव्यापुरता अर्थ अरुंद, पण खोल आहे. आमच्याकडे आनंदाचं मोतेत म्हटलं तर कानाला खटकेल. ख्रिसमसला कुणी मोतेत गात नाही.

प्रश्नकर्ता

दोघांचेही मनापासून आभार. ताई, तुम्ही नाट्यपदाशी जोडून दिलंत तेव्हा माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. म्हणजे शब्द तसाच ठेवायचा हे पक्कं. तीन बारीकसारीक शंका उरल्या : लिंग कोणतं, अनेकवचन कसं, आणि माहितीपटात इंग्लंडच्या भागात ‘अँथेम’ येतो, तो आणि मोटेट एकच का?

उत्तर

लिंग नपुंसक ठेवा. जर्मनमध्ये स्त्रीलिंगी आहे, पण आपण ‘ते गीत’ म्हणतो, त्या ओढीने ‘ते मोटेट’ सहज बसतं. पाकीट-पाकिटं, तिकीट-तिकिटं, तसं मोटेट-मोटेटं. आमच्या तालमीत ‘आज दोन मोटेटं घ्यायची आहेत’ असंच म्हणतात. गोव्याचा विषय निघाला की मात्र ‘मोतेत’ लिहा. तिथल्या लोकांचा शब्द त्यांच्या उच्चारानेच यावा.

अँथेम हा शब्द ‘अँटिफन’ (उपासनेतलं एक छोटं गायन) यावरून आलेला. इंग्लंडच्या चर्चने लॅटिन सोडल्यावर मोटेटची जागा इंग्रजी शब्दांच्या क्वायररचनेने घेतली, ती अँथेम. तेवढं ‘राष्ट्रगीत’ करू नका. मी एका कार्यक्रमपत्रिकेवर ते छापलेलं पाहिलं आहे आणि सभागृहात दोन ज्येष्ठ गृहस्थ उभे राहिलेलेही.

अजून एक. ‘मोटिफ’शी (रचनेत परत परत येणारा छोटा स्वरसमूह) याचा काही संबंध नाही. मोटिफ हलवणं, चालना देणं या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून आला. ‘मोटो’, म्हणजे ब्रीदवाक्य, हा मात्र मोटेटचा सख्खा भाऊ, त्याच्या मुळाशीही ‘शब्द’च आहे.

निवेदनात पहिल्या उल्लेखाला शतकाप्रमाणे अर्धी ओळ जोडा, पुढे नुसतं ‘मोटेट’ पुरे. तेराव्या शतकासाठी : ‘जुन्या धुनेवर नवे शब्द चढवलेली बहुआवाजी रचना, मोटेट’. पालेस्त्रिनासाठी : ‘क्वायरने गायची लॅटिन धार्मिक रचना, मोटेट’. बाखसाठी लॅटिनच्या जागी जर्मन.

प्रश्नकर्ता

तसंच करतो, ताई. प्रेयसीच्या जागी आता असं लिहिलंय : ‘खालचा आवाज ईस्टरचा एक लॅटिन तुकडा धरून ठेवतो आणि वरचा आवाज फ्रेंचमध्ये विरहाचं गाणं गातो. या रचनेला मोटेट म्हणत.’ आणि गोव्याच्या दादांना विनंती, ती वही फोटो काढून ठेवा, वाळवी दुसऱ्या व्हायोलिनच्या ओळीपर्यंत पोचायच्या आत.