हिल्डेगार्ड क्नेफला छावणीतून सुटलेली म्हणून स्वीकारणं मला जड जातं

जर्मन दिग्दर्शक श्टाउडटेचा 'खुनी आपल्यातच आहेत' (१९४६) परवा पाहिला. युद्धानंतरचा हा पहिला जर्मन चित्रपट, बर्लिनच्या खऱ्या ढिगाऱ्यांत चित्रित केलेला. त्यात वीस वर्षांची अभिनेत्री हिल्डेगार्ड क्नेफ नाझी छळछावणीतून घरी परतते, तीही टवटवीत, केस नीट विंचरलेले. आल्या आल्या घर आवरायला घेते. हीच क्नेफ वर्षभरापूर्वी डेमांडोव्स्कीची प्रेयसी होती. हा हिटलरचा प्रचारमंत्री गोबेल्स याच्या चित्रपट खात्यातला बडा अधिकारी, पुढे टोबिस कंपनीत निर्मितीप्रमुख. बर्लिन पडताना ती सैनिकाचे कपडे चढवून त्याच्यासोबत राहिली. छळणाऱ्यांच्या गोटातली मुलगी छळ सोसलेलीचं काम करते, हे मला पटत नाही.

प्रतिसाद
अहो, हिटलर सत्तेवर आला तेव्हा ती सात वर्षांची होती! टवटवीत चेहऱ्याचा दोष दिग्दर्शकाला द्या. आणि चित्रपटाचा रोख तिच्यावर नाहीच, ब्रुकनरवर आहे. पोलंडमध्ये नाताळच्या आदल्या दिवशी बायकामुलांना गोळ्या घालायला लावणारा हा कॅप्टन आता पोलादी शिरस्त्राणांची पातेली करून विकतोय, सुखाने जेवतोय. त्या वर्षी हे दाखवायला धाडस लागत होतं.

धागाकर्ता
ब्रुकनरबद्दल दुमत नाही. पण मुलांना गोळ्या घातल्याचं दुःख कुणाचं दाखवलंय? ते बघणाऱ्या जर्मन डॉक्टरचं, म्हणजे चित्रपटाच्या नायकाचं. छावणीत तिचं काय झालं हे कोणी विचारतही नाही. ती त्याची शुश्रूषा करते. वाचलेली माणसं त्याच शहरात होती हो. वय मान्य, पण १९४५ साली ती एकोणीस वर्षांची होती, सातची नव्हे.

प्रतिसाद
निदान तिने लपवलं नाही. १९७० च्या आत्मचरित्रात डेमांडोव्स्की आहे, सैनिकी कपडे आहेत, रशियनांची कैद आहे. तिच्या पिढीतले किती नट एवढं बोलले? १९५१ चंही आठवा. 'डी झ्यूंडरिन' (पापिणी) या चित्रपटात ती काही क्षण विवस्त्र दिसली, तर कोलोनच्या कार्डिनल फ्रिंग्सनी निषेध केला, थिएटरांत दुर्गंधीचे बॉम्ब फुटले. ब्रुकनरसारखे शेजारी चालत होते त्या देशाला, ही बाई चालली नाही. चित्रपट ही कला आहे, तिला घटनेचं संरक्षण आहे, हे सांगायला १९५४ साली पश्चिम जर्मनीचं सर्वोच्च प्रशासकीय न्यायालय लागलं. मला तिचा अभिमान वाटतो.

धागाकर्ता
१९५१ चा अन्याय खराच. त्याने १९४६ चं माप भरत नाही. आणि आत्मचरित्र आलं ते पंचवीस वर्षांनी.

प्रतिसाद
मग १९७६ ची क्नेफ पाहा. जर्मन लेखक फालाडाच्या कादंबरीवरचा चित्रपट. मुलगा युद्धात गेल्यावर नवरा-बायको हिटलरविरोधी कार्डं लिहून बर्लिनच्या जिन्यांत ठेवतात. त्यातली बायको, आना क्वांगेल, तिने केलीय, कार्लोव्ही व्हारीच्या चित्रपट महोत्सवात सर्वोत्तम अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं. कर्करोगाच्या शस्त्रक्रियांतून गेलेली पन्नाशीची बाई. तुम्हाला १९४६ मध्ये न दिसलेला चेहरा तिथे आहे.

धागाकर्ता
तो मी पाहिलेला नाही, जरूर पाहीन. पण पहिल्या चित्रपटातली ती जागा छावणीतून आलेल्या एखाद्या बाईची होती, हे माझं म्हणणं कायम आहे.