मातीत शिंपल्यांचा चुरा मिसळूनही भांडी टिकत कशी?

प्रश्न
हाताने घडवलेल्या प्राचीन भांड्यांच्या मातीत वाळू, भुसा किंवा जुन्या खापरांचा चुरा मिसळण्यामागचे कारण मला समजते. पण उत्तर अमेरिकेतील मिसिसिपी खोऱ्यात साधारणपणे इ.स. ८०० नंतर शिंपल्यांचा चुरा इतका रूढ कसा झाला, हे उलगडत नाही. शिंपला तापला की त्याचा चुना होतो आणि तो चुना हवेतील बाष्प शोषून फुगतो. मी असे दोन वाडगे विजेच्या भट्टीत ९५० अंश सेल्सिअसला भाजले. बाहेर काढले तेव्हा ते धड होते, पण काही दिवसांतच त्यांचे पोपडे सुटून चुरा झाला. त्या कुंभारांना हा त्रास होत नसेल का?

पहिले उत्तर
दोष शिंपल्याचा नसून तापमानाचा आहे. शिंपला ज्याचा बनलेला असतो त्या कॅल्शियम कार्बोनेटचे विघटन, म्हणजे त्याचा चुना होणे, साधारणपणे ६५० अंशांच्या पुढे सुरू होते आणि ९०० अंशांपर्यंत जवळपास पूर्ण होते. उघड्यावर लाकडे रचून भाजताना तापमान बेताचे राहते आणि सर्वांत जास्त आच थोडाच वेळ टिकते. शिवाय जाळाभोवती कार्बन डायऑक्साइड भरपूर असल्यामुळे विघटन लांबते. आपल्या भट्टीत यांपैकी एकही गोष्ट नव्हती.

आता लाभ पाहा. नुसती चिकणमाती वाळताना फार आकसते व तडकते. मिसळलेले कण हे आकसणे कमी करतात आणि वाफेला बाहेर पडायला वाट देतात, हे कोणत्याही मिश्रणाला लागू आहे. मात्र रोज विस्तवावर चढणाऱ्या भांड्याची गरज वेगळी असते. वाळूतील क्वार्ट्झ ५७३ अंशांना एकदम फुगतो आणि त्याआधीही मातीपेक्षा जास्त प्रसरण पावतो, तर शिंपल्याचे प्रसरण भाजलेल्या मातीच्या बरेच जवळ असते. शिवाय भांडे थोपटून घडवताना शिंपल्याचे चपटे कण भिंतीला समांतर बसतात, त्यामुळे बारीक तडा एका कणापाशी अडतो किंवा वळतो. म्हणूनच पातळ भिंतीची मोठी भांडी घडवणे शक्य झाले. मला तर ही त्या कुंभारांची अतिशय विचारपूर्वक केलेली निवड वाटते.

दुसरे उत्तर
वरील उत्तरात दोन गोष्टींची भर घालतो. शिंपले आधी विस्तवात भाजून घेतले की ठिसूळ होतात आणि सहज कुटले जातात. मातीत थोडे मीठ मिसळले, तर चुन्यामुळे पोपडे सुटण्याचे प्रमाण घटते, असे प्रयोगांत दिसले आहे. पुढचा वाडगा ६०० ते ६५० अंशांतच भाजून पाहावा.

तिसरे उत्तर
सगळेच उष्णतेच्या हिशोबाने ठरत असे, असे मात्र मी मानणार नाही. हाताशी काय आहे, हेही महत्त्वाचे होते: अमेरिकेच्या आग्नेय भागातील सव्हाना नदीच्या परिसरात सुमारे ४,५०० वर्षांपूर्वी वनस्पतींचे तंतू मिसळत, तर ॲमेझॉनच्या खोऱ्यात सिलिकायुक्त सालीची राख आणि गोड्या पाण्यातील स्पंजाचे सूक्ष्म काटे वापरत.

खापरे ओळखताना एक काळजी घ्यावी. आम्लयुक्त जमिनीत शिंपला विरघळून जातो व मागे फक्त चपट्या पोकळ्या उरतात; त्या जळून गेलेल्या भुशाच्या खुणा समजल्या जाऊ शकतात. अशा वेळी पोकळीच्या तळाशी काही शिल्लक आहे का, हे सौम्य आम्लाचा एक थेंब टाकून पाहावे. कार्बोनेट उरले असेल, तर तिथे बुडबुडे येतात.