फाल्कोनेत्तीचा अभिनय तिचा, की ड्रायरने पिळून काढलेला?

तिसरी घंटा:
जोन या पंधराव्या शतकातल्या फ्रेंच वीरांगनेच्या खटल्यावरच्या 'द पॅशन ऑफ जोन ऑफ आर्क' या मूकपटाचा (1928) विषय निघाला की तीच ऐकीव कथा येते. दिग्दर्शक कार्ल ड्रायरने जोन झालेल्या रेने फाल्कोनेत्तीला दगडी फरशीवर तासन्‌तास गुडघ्यांवर बसवलं, छळून रडवलं आणि कॅमेरा सुरू केला. बाई इतक्या खचल्या की पुन्हा पडद्याकडे फिरकल्या नाहीत. मला ही कथा सरळसरळ बाईंचा अपमान वाटते.

पस्तिशीची, रंगभूमीवर मुरलेली नटी होती ती. 1924 मध्ये कोमेदी-फ्रान्सेझ या फ्रान्सच्या राष्ट्रीय नाट्यसंस्थेत होती. ड्रायरने तिला पाहिलं तेही हलक्याफुलक्या नाटकात. मग मेकअप न लावता चाचणी घेतली आणि भूमिका दिली. 'आयुष्यात एकच सिनेमा' हेही खोटं, 1917 मध्ये तिने दोन मूकपट केले होते. तिचं घर नाटक. सिनेमात ती आली आणि गेली, यात रडण्यासारखं काय आहे?

फ्रेमबाज:
नाटकाचा अनुभव इथे काय कामाचा? मूकपट, त्यातून बराचसा क्लोजअपमध्ये. सगळ्या रंगछटा टिपणारी पॅनक्रोमॅटिक फिल्म आणि मेकअपला बंदी, म्हणजे कातडीची रंध्रं मोजून घ्या. चित्रीकरण जवळपास कथेच्याच क्रमाने झालं, शेवटी शेवटी केस खरोखर कापले. माणसाला असं टप्प्याटप्प्याने थकवत नेलं की जे उरतं तो थकवाच असतो. त्याला अभिनय म्हणायचं असेल तर म्हणा. माझ्या लेखी श्रेय ड्रायरचं आणि कॅमेरामन रुडॉल्फ मातेचं.

तिसरी घंटा:
सहकलाकार आंतोनँ आर्तोही त्याच कॅमेऱ्यासमोर होता, तोही मेकअपशिवाय. चांगला दिसतो. तरी सिनेमा संपल्यावर लक्षात कोण राहतं?

मोडीवाचक:
तुम्ही दोघं एक गोष्ट विसरताय. मूळ निगेटिव्ह डिसेंबर 1928 मध्ये बर्लिनला ऊफा या जर्मन चित्रपट कंपनीत लागलेल्या आगीत जळाली. ड्रायरने न वापरलेले टेक गोळा करून सिनेमा नव्याने उभा केला. पुढे तीही निगेटिव्ह जळाली. 1981 मध्ये नॉर्वेतल्या एका मनोरुग्णालयाच्या कपाटात मूळ संकलनाची प्रत सापडली. तोवर जगाने जे पाहिलं आणि वाखाणलं ते मुख्यतः या बाजूला टाकलेल्या टेकवरचं, आणि बऱ्याचदा कुणीकुणी हात फिरवलेलं. आता सांगा, एखाद्या क्षणी छळून निघालेला चेहरा असा दुसऱ्या टेकमध्ये तितकाच कसा येतो? पुन्हा पुन्हा करता येतं त्यालाच नटाचं काम म्हणतात.

फ्रेमबाज:
उलट! अख्खा सिनेमा दुसऱ्यांदा जोडता येईल इतके जादा टेक घेतले, म्हणजे बाईला किती दामटलं असेल बघा. तुमचा पुरावा माझ्या बाजूचा आहे.

नाटकवेडी:
टेक भरपूर घेतले, खरंच. पण ड्रायरने कामाची पद्धत सांगितली आहे. घेतलेला प्रसंग फाल्कोनेत्तीला सात-आठ वेळा पडद्यावर दाखवायचे, त्यातला मनासारखा जमलेला छोटासा तुकडा दोघं शोधायचे आणि तिथून पुन्हा चित्रीकरण. जिला नुसतं रडवायचं असतं तिला कुणी रशेस, म्हणजे कच्चं चित्रण, दाखवत बसत नाही.

आणि ते 'खचली' प्रकरण! 1935 मध्ये दिग्दर्शक लुई जुवेने बसवलेल्या नाटकात, नाटककार झिरोदूच्या ट्रॉयच्या युद्धावरच्या नाटकात हो, आंद्रोमाकची भूमिका कोणी केली? हिनेच. मधल्या काळात स्वतःचं थिएटर चालवायला घेतलं आणि पैसे घालवले, तो छळ मात्र खरा. महायुद्धात दक्षिण अमेरिका गाठली आणि 1946 मध्ये ब्युनोस आयर्सला वारली. आयुष्य कठीण गेलं, पण त्याचं बिल एकट्या ड्रायरच्या नावावर फाडू नका.

फ्रेमबाज:
रशेसची हकीकत सांगितली कोणी? ड्रायरनेच. मुकादम म्हणतोय मजूर खूश होते, आणि आपण माना डोलवायच्या.

तिसरी घंटा:
चला, त्याची साक्ष बाजूला ठेवू. मग फरशीवर गुडघे टेकवल्याची ऐकीव गोष्टही ठेवा. उरला फक्त पडदा. तुझ्यावर देवाची कृपा आहे का, असं न्यायाधीश विचारतात. हो म्हटलं तर पाखंड, नाही म्हटलं तर कबुली. ती थांबते, सापळा ओळखते आणि म्हणते, असेल तर देव ती राखो, नसेल तर देवो. त्या थांबण्यात भीती आहे, हुशारी आहे, किंचित मिश्कीलपणासुद्धा आहे. माणसाला थकवून हे कसं मिळवायचं ते सांगा.

फ्रेमबाज:
उत्तर 1431 च्या खटल्याच्या कागदांतलं आहे, ते जोनचं. पण थांबणं फाल्कोनेत्तीचं, बरं. तेवढा प्रसंग तुम्हाला दिला. केस कापण्याचा देणार नाही.