मदत हवी आहे: जत्रेच्या मेमरी कार्डातली 'एफ०४९१५२०.एमओव्ही' ही फाइल नक्की काय आहे?

कुळागर:
फोंड्याजवळच्या जत्रेतल्या दशावतारी काल्याचं चित्रीकरण. ३२ जीबीचं कार्ड चुकून फॉरमॅट झालं, फोटोरेक या पुसलेल्या फाइली शोधणाऱ्या प्रोग्रामने फाइली काढल्या. मूळ नावं 'एमव्हीआय'ने सुरू होत होती, आता सगळी अशी. ही फाइल लावली की मध्येच पात्रांचे चेहरे हिरव्या-करड्या डागांत विरघळतात, कर्कश घरघर येते. दुसरीची तारीख चक्क १ जानेवारी १९०४! व्हॉट्सअॅप गटात 'सुसाइडमाउस.एव्हीआय' या इंटरनेटवरच्या भीतीदायक चित्रफितीची आठवण काढून "पुरी बघू नका" चाललंय. दुरुस्त होईल का?

मांडवीकाठ:
फॉरमॅटमध्ये नावांची यादी जाते. फोटोरेक फाइलीच्या सुरुवातीची खूण ओळखतं आणि सेक्टरचा, म्हणजे कार्डावरच्या ५१२ बाइटच्या कप्प्याचा, क्रमांकच नाव म्हणून देतं. ४९१५२० गुणिले ५१२ बाइट, म्हणजे फाइल कार्डावर २४० एमबीनंतर सुरू होते. एवढंच गूढ.

चेहरे का विरघळतात? एच.२६४ या व्हिडिओ दाबून साठवण्याच्या पद्धतीत पूर्ण चित्र अधूनमधूनच असतं, मधल्या चौकटींत फक्त बदल. फाइल कार्डावर तुकड्यांत असणार. फोटोरेकने सलग वाचताना परका तुकडा जोडला. कॅमेरा आवाज पीसीएममध्ये, म्हणजे न दाबता, घेत असेल तर तो तुकडा जसाच्या तसा स्पीकरमधून वाजतो. तीच घरघर.

एमओव्हीत वेळ १ जानेवारी १९०४पासूनच्या सेकंदांत मोजतात. तिथे शून्य राहिलं की तीच तारीख दिसते.

सुसाइडमाउस २००९मध्ये यूट्यूबवर आलेली बनवलेली चित्रफीत. भीती घालायला नाव देणारा माणूस अर्थ लागेल असंच नाव देतो. निरर्थक नावामागे बहुधा यंत्र असतं: 'टीएमपी'ने सुरू होणाऱ्या नावांचे, लाल-निळ्या आयतांचे ११ सेकंदांचे 'वेबड्रायव्हर टॉर्सो' या यूट्यूब चॅनेलचे व्हिडिओ लोकांना हेरांचे संकेत वाटले. २०१४मध्ये गूगलनेच ते चाचणीसाठी असल्याचं मान्य केलं.

आता काम. कार्डावर काहीही लिहू नका. डीडीरेस्क्यू या प्रत घेणाऱ्या प्रोग्रामने त्याची पूर्ण प्रत दुसऱ्या डिस्कवर घ्या, पुढचं सगळं त्या प्रतीवर. अनट्रंक या दुरुस्तीच्या प्रोग्रामच्या मागे लागू नका: ते 'मूव', म्हणजे फाइलीतली अनुक्रमणिका, हरवलेल्या फाइलीसाठी, आणि त्याला त्याच कॅमेऱ्याची, त्याच सेटिंगची धड फाइल लागते. तुमची उघडतेय, म्हणजे 'मूव' आहे. डाग पडण्याआधीचा भाग एफएफएमपेग या व्हिडिओच्या प्रोग्रामने पुन्हा एन्कोड न करता कापून ठेवा. पुढचे तुकडे हाताने जुळवणं महाकठीण, आशा कमीच ठेवा.

कुळागर:
गटात 'पूर्ण आवृत्ती' म्हणून एक फाइल आलीय, शेवटी '.एमपी४.एससीआर'.

मांडवीकाठ:
हिला मात्र घाबरा. एससीआर म्हणजे स्क्रीनसेव्हर, म्हणजे चालणारा प्रोग्राम. विंडोज शेवटचं एक्स्टेन्शन लपवतं, म्हणून बाकीच्यांना ती व्हिडिओच वाटत असेल. एक्सप्लोररच्या 'व्ह्यू'मध्ये 'फाइल नेम एक्स्टेन्शन्स' चालू करा. ती न उघडता पुसा आणि अॅडमिनला गटातूनही काढायला सांगा.